नवव्या भागातलं हसू

"परत लाव गं," सून स्वयंपाकघरातून म्हणाली. "मिक्सरमध्ये ऐकूच नाही आलं."

कस्तुरीनं चित्र थोडं मागे नेलं. टीव्हीवर अकरा नंबरच्या खोलीतले पाचही मित्र हातात कागद घेऊन रांगेत उभे होते. दारात घरमालकाचा कारकून टोपी सावरत होता. सगळ्यांचं वाचून झालं, सह्या झाल्या, आणि शेवटी बाजीनं कागदातून मान वर काढून म्हटलं, "मगदूम, तेवढं वाचून दाखव की."

टीव्हीतले लोक हसले. सून हसली, मुलगा हसला, कस्तुरी तर पलंगावर आडवी झाली. मी चष्मा पुसत बसलो.

आमचं आडनाव मगदूम. 'खोली नंबर अकरा' या मालिकेचे तेराही भाग चार वर्षांपूर्वी कुणीतरी धुऊनपुसून इंटरनेटवर टाकले आणि छत्तीस वर्षांपूर्वीचं हे वाक्य पुन्हा लोकांच्या तोंडी बसलं. बँकेत नाव सांगितलं की काउंटरवरची मुलगी ओठ दाबून हसते. माझ्या निवृत्तीच्या समारंभात केंद्रप्रमुखांनी भाषणाची सुरुवातच या वाक्यानं केली. मालिकेच्या श्रेयनामावलीत 'लेखन साहाय्य : यशवंत मगदूम' असं येतं, त्यामुळे मित्रांनी कौतुकानं माझं नाव त्यात गुंफलं अशी सगळ्यांची समजूत आहे. मी ती कधी मोडली नाही. हात जोडून हसत आलो.

कस्तुरी अकरा वर्षांची. मे महिन्यात सांगलीला आली की दुपारी माझ्याजवळ बसते. तिनं चित्र तिथंच थांबवलं.

"आजोबा, हे वाक्य सोडलं तर त्या कारकुनाला तेरा भागांत कुणीच नावानं हाक मारत नाही. मी सगळे बघितलेत. आणि बाजी बघा ना, कारकुनाकडे बघतच नाहीये." ती उठली आणि टीव्हीच्या डाव्या कडेबाहेर, भिंतीवर, तिनं बोट ठेवलं. "तो इकडे बघतोय. इकडे कोण होतं?"

सून आणि मुलगा बाजारात जायला निघाले होते. त्यांच्यामागे दार लागल्यावर म्हणालो, "मी होतो."

आणि मग तिला सांगितलं, ते असं.

मी डी.एड. झालो होतो, पण शिक्षक व्हायचं नव्हतं. लेखक व्हायचं होतं. पंचविसाव्या वर्षी पुण्याला गेलो आणि देवस्थळी सरांच्या हाताखाली लागलो. सिंहगड रस्त्याला एका रिकाम्या गोदामात त्यांनी खोली उभी केली होती : पाच खाटा, एक दोरी, एक स्टोव्ह. पाच मित्र भाड्यानं राहतात, भांडतात, एकमेकांची इस्त्री केलेली शर्टं घालतात. सीझन हा शब्द तेव्हा कुणाला ठाऊक नव्हता. तेरा भाग मंजूर झाले होते, तेवढंच. लिहायचं काम बापट नावाचे एक वयस्क गृहस्थ करायचे. माझं अक्षर चांगलं म्हणून त्यांच्या खरड्याच्या स्वच्छ प्रती मी काढायचो. मंगळवारी प्रती, बुधवारी दुपारी तीनला वाचन, शनिवारी चित्रीकरण. चित्रीकरणाला साठ माणसं बोलावून बाकांवर बसवायची, कारण सरांना खरं हसू हवं होतं. बाकांच्या पहिल्या रांगेशी, कॅमेऱ्याच्या डाव्या बाजूला माझी खुर्ची. कुणी वाक्य विसरलं तर हळूच सांगायचं.

बाजीचं काम करायचा तो बिरुदेव गडदे. जत तालुक्यातला, मेंढपाळाचा पोरगा. एकांकिका स्पर्धेत सरांनी त्याला पाहिलं आणि उचलून आणलं. पाचांत लोकांना तोच सगळ्यांत आवडायचा. रस्त्यानं निघाला की पोरं "बाजी, बाजी" करत मागे यायची. आम्ही दोघं एकाच खोलीत राहायचो, एकाच स्टोव्हवर भात लावायचो.

बिरूला वाचता येत नव्हतं.

हे फक्त मला माहीत होतं. वर्षातले आठ महिने मेंढरांमागे चालायचं, एका शाळेत नाव घालायचं आणि पंधरवड्यात गाव सोडायचं. त्यात अक्षरं त्याच्याकडे धड येतच नसत. "मुंग्यांवानी चालत्यात रं ती," म्हणायचा. पण त्याचा बाप ओव्या म्हणायचा आणि दोनदा ऐकलेली ओवी बिरूला जन्मभर पाठ. तसंच तो भाग पाठ करायचा. बुधवारी सकाळी आम्ही गोदामामागच्या पाण्याच्या टाकीवर चहाचे ग्लास घेऊन बसायचो आणि तो म्हणायचा, "मगदूम, तेवढं वाचून दाखव की." रोजचा चहा मागावा तसं. मी वाचायचो. दुसऱ्यांदा वाचेपर्यंत त्याचंच नव्हे, पाचही जणांचं त्याला पाठ असायचं. विनोद आला की मी हसायचो आणि तो माझ्या हसण्याला हसायचा. "तुजं हसणं म्हंजे आमच्या गावची यस्टी. येती उशिरा, आन् समदी उतरून गेली तरी हितं घरघरतीया."

दुपारच्या वाचनाला त्याच्या हातातही कागद असायचे. पान कधी उलटायचं हे कळायला त्यानं एक युक्ती काढली होती. शेजारी रेवती बसायची, पाचांतली एकुलती एक मुलगी. तिला पान उलटायच्या आधी अंगठा कोपऱ्याशी नेऊन ठेवायची सवय होती. बिरू तिच्या अंगठ्यावर लक्ष ठेवायचा. आठ बुधवार कुणाला संशय आला नाही.

"तुम्ही शिकवलं का नाही त्याला?" कस्तुरीनं विचारलं.

शिकवलं. तीन दिवस. चौथ्या दिवशी 'भ' आणि 'म' मध्ये तो पुन्हा अडकला तेव्हा मी पाटी आपटली आणि म्हणालो, तुला नाही जमायचं, सोड. त्यानं पाटी उचलली, पुसली, खाटेखाली ठेवून दिली. ती आपटताना कोपऱ्यात टवका उडाला होता.

नवव्या भागाच्या सोमवारी बापटांना कावीळ झाल्याचं कळलं. अर्धा भाग लिहून झाला होता, मधला मोठा प्रसंग बाकी होता. सरांनी मला बोलावलं. म्हणाले, तू नेहमी म्हणतोस ना लिहीन म्हणून, लिही. जमलं तर या भागाच्या श्रेयनामावलीत 'लेखन' म्हणून तुझं नाव लावू, साहाय्य वगैरे नाही.

मंगळवारी सकाळपासून मी कागदापुढे बसलो. चार विनोद सुचले, चारही बापटांचे निघाले. दुपार टळली. समोर खाटेवर बिरू पालथा पडून एक जुनं मासिक चाळत होता, चित्रं बघत. एक पान उलटण्याआधी त्यानं सवयीनं मान वळवली, शेजारी रेवती असल्यासारखी. नव्हती. आपलाच आपल्याला हसला.

माझा प्रसंग तासाभरात लिहून झाला. घरमालक भाडेकरूंसाठी नियमावली काढतो, तीन पानांची. कारकून पाच प्रती घेऊन येतो : वाचा आणि सही करा. बाजीला वाचता येत नाही, पण ते कुणाला कळू द्यायचं नाही, म्हणून तो शेजारच्या मैत्रिणीच्या अंगठ्याकडे बघून पानं उलटतो आणि प्रत्येक नियमाला मान डोलावतो. कारकून विचारतो, सातवा नियम मान्य आहे ना? बाजी म्हणतो, सातवा तर फारच आवडला. सातवा नियम असा, की कोपऱ्यातल्या खाटेवरच्या भाडेकरूनं मालकांच्या बोक्याला रोज पहाटे अंघोळ घालावी.

बुधवारी सकाळी बिरू चहाचे दोन ग्लास घेऊन टाकीवर आला. मी त्याला बापटांचं अर्धं वाचून दाखवलं.

"आन् तुजं?"

"अजून हात फिरवायचाय. तुझं त्यात फार काही नाही."

"बरं," तो म्हणाला. माझ्या पाठीवर थाप मारली. "लेखक झालास मर्दा."

तेव्हाही सांगता आलं असतं. प्रती माझ्या पिशवीत होत्या.

वाचनाला सगळे गोल बसले. रंगसूचना, म्हणजे कुणी काय करायचं ते कंसातलं, देवस्थळी सर स्वतः मोठ्यानं वाचायचे, ती त्यांची पद्धत होती. पहिला अर्धा भाग झाला. मग माझं पान आलं. सर वाचू लागले, "कारकून प्रती वाटतो. बाजी प्रत हातात घेतो, पण त्याला वाचता येत नाही. तो शेजारच्या मैत्रिणीच्या अंगठ्याकडे बघतो. तिनं पान उलटलं, की तोही उलटतो."

सगळ्यांनी माना वर करून बिरूकडे पाहिलं. बिरू हातात कागद धरून रेवतीच्या अंगठ्याकडे बघत होता.

खोलीत हशा उसळला. सर मांडीवर थाप मारून म्हणाले, "वा, गडदे. आत्तापासूनच सुरुवात?" सगळे आणखी हसले. बिरूही हसला. त्याचं हसू चेहऱ्यावर यायला जरा वेळ लागला, आणि आलं ते गालापर्यंतच आलं.

मग कारकुनाचं वाक्य झालं आणि बाजीचं आलं. बिरू गप्प.

"गडदे, पान चार," सर म्हणाले. "वरून तिसरी ओळ."

बिरूनं पान बघितलं. कुठलं, ते मी बघू शकलो नाही. माझ्या पुढ्यातल्या प्रतीवर अक्षर माझंच होतं, गोल, सुटं, पहिलीतल्या पोरालाही लागेल असं.

"तिसरी ओळ, गडदे. सातवा तर."

"सातवा तर," बिरू म्हणाला आणि थांबला.

कुणीतरी अजून हसत होतं, ते थांबलं. रेवतीनं त्याच्याकडे पाहिलं, मग स्वतःच्या हाताकडे. आणि तिनं अंगठा हळूच मुठीत घेतला. ते मला आजही दिसतं. तिनं अंगठा लपवला, जणू चूक तिची होती.

देवस्थळी सरांनी चष्मा काढला आणि ते माझ्याकडे वळले. "मगदूम, हे अंगठ्याचं तुला सुचलं कुठून?"

"असंच सुचलं, सर."

"तुला ठाऊक होतं?"

मी तोंड उघडलं. काय बोलणार होतो ते मला माहीत आहे. मी नाही म्हणणार होतो. पण त्याआधी बिरू बोलला.

"त्याला काय ठाऊक, सर? मी कुणालाच सांगितलं नव्हतं."

मी मान हलवली. बरोबर आहे, अशा अर्थानं.

सर म्हणाले, प्रसंग काढून टाकू, दुसरा काहीतरी बघू. बिरू नको म्हणाला. प्रसंग चांगला आहे, लोक हसतील, मला एकदा कुणीतरी वाचून दाखवा, दोनदा ऐकलं की होतं माझं. सरांनी विचार न करता सांगितलं, "मगदूम, तूच वाच."

मग मी त्या सगळ्यांसमोर ते वाचलं. बाजीला वाचता येत नाही. बाजी घाम पुसतो. बाजी उगाच मान डोलावतो. दोनदा वाचलं. बिरू डोळे मिटून ऐकत होता, टाकीवर ऐकायचा तसाच. वाचून झाल्यावर त्यानं सगळं म्हणून दाखवलं, पाचही जणांचं, रंगसूचनांसकट, एका शब्दाची चूक न करता. त्या दिवशी कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत.

संध्याकाळी टाकीपाशी तो पाय सोडून बसला होता. मी जाऊन शेजारी बसलो. त्यानं शिव्या द्याव्यात म्हणून वाट बघत होतो.

"मंगळवारी मी खाटंवर पडल्यालो, तवा ह्येच लिवत होतास?"

"हो."

"हं." मग म्हणाला, "आदी वाचून दावलं असतंस तर आजून दोन जागा मी दिल्या असत्या. दुकानाच्या पाट्या कशा वळखतो, पत्र आलं की काय थापा मारतो. लय हसली असती लोकं."

मी म्हणालो, बिरू, चुकलं. तो म्हणाला, चल, भात लाव.

गुरुवार, शुक्रवार तो माझ्याशी नेहमीसारखाच बोलला. मला वाटलं, मिटलं.

शनिवारी बाक भरले. नवव्या भागात बिरूनं जे काम केलं ते तुम्ही सगळ्यांनी बघितलं आहे. अंगठ्याकडे बघणारी ती नजर, पान उलटल्यावर सुटकेचा तो श्वास, सातवा नियम फारच आवडल्याचा तो थाट. बाकांवरच्या बायका पदर तोंडाला लावून हसत होत्या. मी लिहिलेलं शेवटचं वाक्य होतं, "आता आठवाही चांगलाच असेल." ते त्यानं म्हटलंच नाही. त्यानं कागद खाली केला, मान वळवली, कॅमेऱ्याच्या डावीकडे माझ्या खुर्चीकडे पाहिलं, आणि रोज चहा मागतो त्याच आवाजात म्हणाला, "मगदूम, तेवढं वाचून दाखव की."

माझ्या मांडीवर प्रत होती. कारकुनाचं काम करणारा हुशार होता. त्यानं मगदूम आपलंच नाव समजून घसा खाकरला आणि बोक्याचा नियम वाचला. गोदाम हादरलं.

चित्रीकरण संपल्यावर मी खोलीवर गेलो तर कोपऱ्यातली खाट रिकामी होती. त्याची पत्र्याची पेटी नव्हती. खाटेखाली वाकून बघितलं, टवका गेलेली पाटीही नव्हती. दहाव्या भागात बाजी गावी गेल्याचं एका वाक्यात सांगितलं आहे. तो परत आला नाही. नवव्या भागाच्या श्रेयनामावलीत माझं नाव आलं, 'लेखन : यशवंत मगदूम'. त्यानंतर मी काही लिहिलं नाही. तेरा भाग संपल्यावर जिल्हा परिषदेच्या शाळेसाठी अर्ज केला आणि जत तालुका मागून घेतला.

बत्तीस वर्षं पहिलीचा वर्ग घेतला. ज्यांची अक्षरं चालतात, नाचतात, उलटी पडतात, ती पोरं सगळे माझ्याकडे धाडायचे. मगदूम गुरुजींसारखा धीर कुणात नाही, असं म्हणायचे. एका मुलीला 'भ' यायला एक वर्ष लागलं, मी एक वर्ष थांबलो. निवृत्त होऊन तीन वर्षं झाली, तरी सकाळी चार पोरं येतात. बिरूचं गाव माझ्या शाळेपासून अकरा किलोमीटर. वाटेवर फाटा लागायचा, गावाच्या नावाची पाटी होती. बत्तीस वर्षांत मी त्या फाट्यावरून आत गेलो नाही.

माझं सांगून झालं. कस्तुरी पाय पोटाशी घेऊन बसली होती. रिमोट तिच्या हातातच होता.

"तो म्हणाला तेव्हा तुम्ही काय केलं?" तिनं विचारलं.

"काही नाही. मान खाली घालून बसलो."

तिनं पुन्हा चित्र मागे नेलं आणि आवाज वाढवला. हसण्यासाठी नव्हे, हे मला तिच्या तोंडाकडे बघून कळलं. वर्गात एखादं पोर शब्दावर बोट ठेवून बसतं, तशी ती बसली होती. बाजीनं मान वळवली. वाक्य म्हटलं. कारकुनानं नियम वाचला. साठ माणसं हसली, हसत राहिली, मग थोडी थोडी शांत झाली.

सगळी शांत झाल्यावरही कॅमेऱ्याच्या डावीकडून एकट्याचं हसणं ऐकू येत होतं. उशिरा सुरू झालेलं, घरघरत, थांबता थांबत नसलेलं.

कस्तुरीनं चित्र थांबवलं. माझ्याकडे न बघता म्हणाली, "आजोबा, हे तुम्ही आहात."

हसण्याचा माइक बाकांच्या पहिल्या रांगेवर टांगलेला होता, माझ्या डोक्यावर. बिरू फार चांगला होता. मला हसू आवरलं नाही.

"हो," मी म्हणालो.

तिनं रिमोट माझ्या चष्म्याच्या घराशेजारी ठेवला आणि पाणी प्यायला आत गेली. बाजी पडद्यावर तसाच थांबला होता, मान माझ्याकडे वळवून.